पार्श्वभूमी : नावापुढे 'संयोजक' की 'संगीतकार'?

तेरेखोल नदीच्या दोन्ही तीरांना एक वाद अधूनमधून नव्याने पेटतो. मुंबईच्या सिनेसंगीतात उभं आयुष्य घालवलेल्या एखाद्या गोंयकार वादकाच्या स्मरणार्थ कार्यक्रम ठरतो, पत्रिका छापायला जाते आणि प्रश्न उभा राहतो: नावाखाली काय लिहायचं? 'संगीतकार' लिहिलं तर कोणीतरी म्हणतंच, चाली दुसऱ्याच्या होत्या. 'संगीत संयोजक' लिहिलं तर घरची माणसं गप्प होतात, आणि ते गप्प होणं बरं नसतं. सावंतवाडीत पाहिलेल्या एका पत्रिकेत तर दोन संयोजक होते. एक वर, फोटोखाली. दुसरा तळाला, मोबाइल नंबरासकट, म्हणजे मंडप आणि खुर्च्यांचं बघणारा. हिंदी सिनेमात जॅझ, लॅटिन ताल आणि राग एका गाण्यात बसवणाऱ्या माणसासाठी मराठीत वेगळा शब्द नाही, ही या वादाची मुळातली अडचण.

गोव्यात सोळाव्या शतकापासून चर्चच्या शाळांत पोरांना कागदावरचे सूर वाचायला शिकवत, व्हायोलिन हातात देत. त्यातून मांडो हा गाण्याचा प्रकार आला, लग्नाचे बँड आले आणि पोटासाठी मुंबई गाठणारे वादक आले. धोबीतलावच्या आसपास गावागावांचे 'कूड' होते. पेटी-वळकटी तिथे टाकायची आणि संध्याकाळी हॉटेलात वाजवायला जायचं. हा भाग सगळ्यांना ठाऊक आहे. १९३५ साली अपोलो बंदरावरच्या हॉटेलात अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय वादकांचा जॅझ बँड आला आणि या पोरांच्या कानावर वेगळंच काही पडलं. कागदावर जे आहे ते वाजवायचंच, पण मधली काही जागा आपली, ही मुभा चर्चच्या शाळेत नव्हती.

मग १९४७. गोऱ्या पलटणी गेल्या, संस्थानिकांचे दरबारी बँड बंद पडू लागले आणि १९४९ सालचा मुंबई राज्याचा दारूबंदी कायदा आला. जॅझवाले सिनेमाकडे वळले ते या कायद्यामुळे, असं सर्रास सांगितलं जातं. मला ते अर्धंच पटतं. चित्रपटांत त्यांची ये-जा आधीपासून होती. कायद्याने रात्रीची मिळकत कापली आणि स्टुडिओतली दिवसाची शिफ्ट हा जोडधंदा न राहता मुख्य धंदा झाला. १९५१ सालच्या 'अलबेला'त तर हळदोण्याचा एक ट्रंपेटवादक आपल्या बँडसह थेट पडद्यावरच आला. एरवी हे लोक काचेच्या अलीकडे, माइकपासून दहा फुटांवर.

ते नेमकं काय करत, हे सांगितल्याशिवाय शब्दाचा गुंता सुटत नाही. संगीत दिग्दर्शक सिटिंगला पेटीवर चाल ऐकवी: मुखडा, दोन अंतरे. ती चाल म्हणजे एक ओळ. तिच्या आधीचा तीस सेकंदांचा तुकडा, दोन अंतऱ्यांमधलं म्युझिक, गायिका श्वास घेते तिथली व्हायोलिनची झुळूक, तिच्या सुराच्या पोटातून जाणारी दुसरी धून, खालचे कॉर्ड, म्हणजे एकाच वेळी वाजणारे तीन-चार सूर, आणि यातलं काय कोणत्या वाद्याने वाजवायचं, हे बहुतेक वेळा अरेंजर, म्हणजे पत्रिकेवरचा तो 'संगीत संयोजक', कागदावर उतरवी. काही दिग्दर्शक स्वतःच मधले तुकडे गुणगुणून देत, काही 'इथे कायतरी घाल' म्हणून चहाला जात. दोन्ही प्रकारांत टायटलवर येणारं नाव एकच. फार तर 'सहायक' म्हणून बारीक अक्षरांत दुसरं.

आणि कागदही एक नसे. वेंगुर्ल्यात लग्नाच्या बँडमध्ये ट्रंपेट वाजवणारे एक म्हातारे गृहस्थ आणि डबलबारीच्या, म्हणजे दोन बुवांच्या सामन्याच्या, भजनाला पेटी धरणारा त्यांचा शेजारी एकमेकांशी सूर जुळवत होते, तेव्हा मी ओट्यावर बसून होतो. म्हाताऱ्यांच्या कागदावर 'सी' होता. पेटीवाल्याने पांढरी एक, म्हणजे पेटीवरचा सी, दाबली. जुळेना. त्याने एकेक पट्टी चाचपत शेवटी काळी पाच दाबली आणि हसला, "तुमचो सी म्हणजे माझी काळी पाच, बरोबर मां?" बरोबरच. नेहमीचा ट्रंपेट मुळातच 'बी फ्लॅट'चा, कागदावर सी वाचून वाजवलं की ऐकू येते काळी पाच. ऑल्टो सॅक्सोफोनचा सी म्हणजे काळी दोन. व्हायोलिनचा मात्र सी तो सी. म्हणजे एकच ओळ अरेंजरला व्हायोलिनसाठी एका पट्टीत, ट्रंपेटसाठी एक सूर वर आणि सॅक्सोफोनसाठी तिसऱ्याच पट्टीत लिहावी लागे, आणि सतारवाल्याला तीच सरगममध्ये. एका सकाळच्या शिफ्टमध्ये, तबला-ढोलकवाले पाठ करून होईपर्यंत.

कॉर्डचा पेच तर त्याहून नाजूक. मालकंस घ्या: सा, कोमल ग, म, कोमल ध, कोमल नि. रे आणि प वर्ज्य. आता 'सा'वर साधा कॉर्ड धरायचा तर त्यात पंचम येतो, आणि पंचम आला की मालकंस संपला. तीन सुरांचे नेहमीचे कॉर्ड शोधत बसलं तर रागाच्या स्वरांत पुरे बसणारे दोनच निघतात: एक मध्यमावरचा मायनर, दुसरा कोमल धैवतावरचा मेजर. या दोघांवर अख्खं गाणं चालवायचं किंवा अर्धेमुर्धे कॉर्ड धरून कानाला चकवायचं. १९६८ साली एका गाजलेल्या संगीतकार-जोडीच्या नावाने अकरा रागांची जॅझ तबकडी निघाली, 'रागा जॅझ स्टाइल'. तिच्यात सतार, सॅक्सोफोन, ट्रंपेट, इलेक्ट्रिक गिटार, ड्रम आणि तबला आहेत, आणि त्या अकरांत मालकंसही आहे. तो ऐकताना गिटार कुठे गप्प बसते याकडे लक्ष द्यावं. वादकांच्या यादीत गोमंतकीय आडनावं भरपूर, मुखपृष्ठावर जोडीचं नाव. परदेशात ज्याला 'इंडो-जॅझ' म्हणून वाखाणत होते, ते इथे स्टुडिओत रोजच्या मजुरीवर आधीच चाललेलं होतं.

उलट दिशेचा प्रयत्नही झाला होता. माजोर्ड्याच्या एका व्हायोलिनवादकाने १९५८ साली मुंबईतल्या एका कॉलेजच्या आवारात मोठा वाद्यवृंद उभा करून रागांवर आधारलेल्या स्वतःच्या रचना सादर केल्या. तिथे तो कोणाचा सहायक नव्हता. पुढे तो अमेरिकेला गेला, परतला आणि गावीच राहिला. त्याचं नाव देशाला माहीत झालं ते मात्र भलत्याच वाटेने: मे १९७७मध्ये आलेल्या एका चित्रपटात नायक प्रचंड अंड्यातून बाहेर येऊन स्वतःचं नाव सांगतो, ते नाव याचं. संगीत देणाऱ्या जोडीतला एक त्याचा व्हायोलिनचा शिष्य.

त्याच १९७७च्या मार्चमध्ये सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल आला होता, आणि माझ्या मते पत्रिकेवरच्या वादाचं मूळ तिथे शोधलं पाहिजे. निकालाचा गाभा असा, की मोबदला घेऊन चित्रपटासाठी केलेल्या गीत-संगीताचा पहिला मालक निर्माता, तसा वेगळा करार नसेल तर. याने संगीतकारही नागवला गेला, हे खरंच. पण त्याच निकालात एका न्यायमूर्तींनी एक जुनी व्याख्या अधोरेखित केली. १९५७च्या कॉपीराइट कायद्यात 'सांगीतिक कृती' म्हणजे मेलडी (चाल) आणि हार्मनी (चालीच्या जोडीने वाजणारे सूर), किंवा दोहोंपैकी एक, जी छापलेली, लिहिलेली किंवा आलेखरूपात उतरवलेली असेल ती. गोड गळा, सुंदर चाल, मधुर सादरीकरण यांना त्या व्याख्येत जागा नव्हती. जागा होती कागदाला.

आता बघा. स्टुडिओत कागद कोण लिहीत होतं? चाल पेटीवर ऐकवणारा नव्हे. हार्मनी कोण घालत होतं? तोच, ज्याचं नाव नव्हतं. कायद्याच्या शब्दांना शब्दशः धरलं असतं तर अरेंजर हाच त्या कृतीच्या जास्त जवळ उभा होता. पण त्याच कायद्यात दुसरी एक व्याख्या आहे, 'रूपांतरा'ची, आणि सांगीतिक कृतीची कोणतीही 'अरेंजमेंट' तिथे रूपांतर म्हणून मोडते. म्हणजे आधी मूळ कृती असते, ती मालकाची, आणि अरेंजर तिला फक्त कपडे शिवतो. मुखडा ऐकायच्या आधी ज्या तुकड्यावरून आपण गाणं ओळखतो, तो तुकडा कपड्यात मोडतो की अंगात, हे कायद्याने विचारलेलंच नाही.

१९९४च्या दुरुस्तीत कागदाची अट गेली. संगीत रचणारा तो संगीतकार, मग त्याने ते लिहिलेलं असो वा नसो. पेटीवाल्यांच्या, कानाने चालणाऱ्यांच्या परंपरेला हा न्याय झाला, हे कबूल केलंच पाहिजे. डबलबारीचा बुवा कागद कुठून आणणार? पण लिहिणाऱ्यांच्या हातातला एकुलता एक शब्दही त्याबरोबर गेला. २०१२च्या दुरुस्तीने गीतकार-संगीतकारांना रॉयल्टीचा न सुटणारा हक्क दिला, सादर करणाऱ्या कलावंतांनाही वाटा दिला. मात्र सादरकर्त्याच्या व्याख्येला एक पुस्ती आहे: चित्रपटातलं ज्याचं सादरीकरण किरकोळ आहे आणि धंद्याच्या रीतीप्रमाणे ज्याचं नाव कुठेही, श्रेयनामावलीतही येत नाही, तो सादरकर्ता धरला जात नाही. नाव छापलेलं असणं ही नुसती हौस राहत नाही ती अशी. पत्रिकेवरून भांडणारे पुतणे-भाचे कायदा वाचून भांडत नसतील, पण भांडतात ते बरोबर जागी.

कोकणी सिनेमात हा प्रश्न जवळजवळ उद्भवला नाही, कारण तिथे मडगावच्या एका जॅझ ट्रंपेटवादकाला उघडपणे संगीतकार म्हणवून घेता आलं. १९६३चा 'आमचें नशीब' आणि १९७७चा 'भुयारांतलो मुनीस' यांचं संगीत त्याचं. चाल त्याची, कागद त्याचा, ब्रासचा धक्काही त्याचाच. आमच्या बाजूला रेडिओच्या पणजी केंद्रावर ती गाणी लागत, आणि शब्द अर्धेच कळले तरी ट्रंपेट पूर्ण कळत असे. हिंदीत मात्र तीच माणसं पुन्हा 'सहायक'.

ऐंशीच्या दशकात सिंथेसायझर आले, नव्वदीत संगणक. ताडदेव, महालक्ष्मी, वांद्र्याच्या मोठ्या हॉलांतल्या साठ-सत्तर वादकांच्या शिफ्टा आटल्या. काही जण गावी परतले आणि चर्चच्या पोरांना सूर वाचायला शिकवू लागले. आज टायटलवर 'म्युझिक प्रोड्युसर' असतो, कधी 'प्रोग्रामर'. तो करतो ते काम थोड्याफार फरकाने तेच, पण त्याचं नाव येतं, कधी मोठ्या अक्षरांतही.

जुने कागद बहुतेक राहिले नाहीत. शिफ्ट संपली की ते स्टँडवरच पडत, दुसऱ्या दिवशी पाठकोऱ्या बाजूवर दुसरं गाणं. आता जुनी गाणी जशीच्या तशी वाजवणारे कार्यक्रम होतात, त्यासाठी तरुण पोरं कानाला हेडफोन लावून, एकेक सेकंद मागे नेत, व्हायोलिनची ओळ पुन्हा लिहून काढतात. वेंगुर्ल्याच्या त्या पेटीवाल्याचा नातू यातलाच. ट्रंपेटची ओळ आली की आजोबांना विचारतो, आणि आजोबा पेटीवरून बोट न उचलता सांगतात, काळी पाच धर.