आवाज फुटतो, मग हा वर कसा जातो?

परवा घरी फिलिप जारूस्कीचं गाणं लावलं होतं. हँडेलच्या ‘अल्चिना’ या ऑपेरातलं. आत्या म्हणाली, “बाई छान गातेय.” बाई नाही, बुवा आहे, असं सांगितल्यावर ती जरा थबकली आणि आवाज खाली आणून म्हणाली, “ऑपरेशन वगैरे केलंय का रे त्याचं?”

तसं काही नाही. १९७८ साली फ्रान्समध्ये जन्मलेला हा माणूस आधी व्हायोलिन वाजवायचा, गाण्याकडे वळला तो अठराव्या वर्षी. म्हणजे आवाज फुटून गेल्यावर. बोलतो चारचौघांसारखा मर्दानी आवाजात. आत्याच्या मनात होते ते जुन्या काळचे कास्त्राती गायक. पौगंडाआधीच वृषण निकामी केल्यामुळे त्यांचा कंठ लहानच राहायचा. १७३५ मध्ये ‘अल्चिना’तली रुज्जेरो या पुरुषपात्राची भूमिका कारेस्तिनी या कास्त्रातोने गायली होती, २०१५ मध्ये फ्रान्समधल्या एक्स-आं-प्रोव्हान्स शहरात तीच जारूस्कीने गायली. त्याच्यासारख्या गायकाला काउंटरटेनर म्हणतात, आणि त्याच्या गळ्यात आहे तो तुमच्या-आमच्यासारखाच पुरुषी कंठ.

मग सूर वर जातो कसा? आपल्याकडे ज्याला ‘खोटा आवाज’ म्हणतात, त्या फॉल्सेटोने. पुरुष बोलतो तेव्हा स्वरतंतू सेकंदाला साधारण १२० वेळा कंपतात, वरच्या सुरात ६५०च्याही पुढे जातात. आता गंमत बघा. सूर चढवताना कंठातला एक स्नायू तंतूंना ताणून लांब करतो. पण शाळेत तर शिकलो की तार लांब झाली की सूर उतरतो! तो नियम ताण तेवढाच असेल तेव्हाचा. इथे ताणही वाढतो, आणि तो लांबीच्या कितीतरी पट वेगाने. सैल चऱ्हाट ओढून पाहा: आधी नुसता झोल निघतो, मग शेवटच्या बोटभर ओढीला सगळा जोर लागतो. स्वरतंतूच्या आतल्या कोलॅजनच्या धाग्यांचं तसंच आहे. त्यात भर म्हणजे तंतूच्या गाभ्यातला स्नायू सैल सोडला जातो, त्यामुळे जाड तंतू सबंध न थरथरता त्याची पातळ कडच थरथरते. कंपणारं वस्तुमान घटलं, ताण वाढला, सूर चढला.

नवख्याचा खोटा आवाज फुसका लागतो, कारण या कडा नीट मिटत नाहीत. फटीतून हवा निसटते आणि उपस्वर, म्हणजे मूळ सुरासोबत उमटणारे वरचे बारीक सूर, कमी पडतात. काउंटरटेनरची वर्षानुवर्षांची मेहनत जाते ती बरीचशी ही फट बुजवण्यात. ‘दैवी देणगी’ म्हणून हात जोडले की हा रियाज दिसेनासा होतो. आणि ज्येष्ठमध खाऊन स्वरतंतू ‘मऊ’ होतात हेही विसरा. घास अन्ननलिकेत जातो, तंतूंना शिवतसुद्धा नाही. चुकून शिवलाच तर त्याला ठसका म्हणतात.

फ्रान्सची आणखी एक गंमत. अठराव्या शतकात तिथल्या ऑपेरात कास्त्रातींना फारसा भाव नव्हता. नायक असायचा ‘ओत-कोंत्र’, म्हणजे मुख्यतः स्वतःच्याच, खोटा न केलेल्या आवाजात उंच गाणारा टेनर (वरच्या पट्टीचा पुरुष गायक). म्हणून जारूस्कीला गाणी शोधायला बरेचदा इटालियन वह्या उघडाव्या लागतात. विंची या संगीतकाराचा ‘आर्तासेर्से’ हा ऑपेरा १७३० मध्ये रोमला झाला तेव्हा तिथे बायकांना रंगमंचबंदी होती, स्त्रीभूमिकाही कास्त्रातीच करायचे. २०१२ मध्ये फ्रान्समधल्या नान्सी शहरात तो पुन्हा उभा राहिला, तेव्हा जारूस्कीसह पाच काउंटरटेनर एकाच मंचावर होते. सहावा तेवढा टेनर, आणि खलनायकाचं काम त्याच्याकडे.