टीएसएच वाढला, म्हणजे थायरॉइड मंदावला

रामदासपेठेतल्या पॅथॉलॉजीतून रिपोर्ट हातात पडला, की घरी पहिला फोन ठरलेला: "थायरॉइड वाढून आला." बघावं तर वाढलेला असतो टीएसएच, म्हणजे थायरॉइडला कामाला लावणारा हार्मोन, आणि थायरॉइड बिचारा मंदावलेला. तेवढ्यात शेजारच्या काकू स्वतःचं पथ्य सांगून मोकळ्या होतात. त्यांचा थायरॉइड खरोखरच जास्त चालतो, म्हणजे आजार नेमका उलटा. पण कोणाला फरक पडून राहिला?

टीएसएच आणि टी-४ (थायरॉइडचा स्वतःचा हार्मोन) ही दोन्ही हार्मोन्स, दोन्ही एकाच नमुन्यातून मोजतात, एकके वेगळी. एवढं पुरे. खरा घोळ पुढे आहे.

टीएसएच थायरॉइड ग्रंथीत बनतच नाही. तो बनतो मेंदूच्या तळाशी असलेल्या पिट्युटरीत. वरून मेंदूतलाच हायपोथॅलॅमस हा भाग टीआरएच नावाचा हार्मोन सोडतो, त्यावर पिट्युटरी टीएसएच सोडते, आणि टीएसएचच्या सांगण्यावरून गळ्यातली थायरॉइड मुख्यतः टी-४ आणि थोडा टी-३ हा दुसरा हार्मोन बनवते. हाच टी-४ रक्तातून फिरून पिट्युटरीत पोचतो, तिथे त्याचा टी-३ होतो आणि टीएसएचचं उत्पादन दाबलं जातं. टीआरएचलाही तसाच लगाम बसतो. टीएसएच म्हणजे पिट्युटरीची हाक: ग्रंथीकडून ओ आली नाही, की आवाज चढत जातो. म्हणून टी-४ कमी तर टीएसएच जास्त, आणि टी-४ जास्त तर टीएसएच तळाला.

हा आवाज सरळ पटीत चढत नाही, आणि इथे शिकलेली माणसंही चुकतात. फ्री टी-४ (रक्तातल्या प्रथिनांना न चिकटलेला, मोकळा टी-४) निम्म्यावर आला तर टीएसएच दुप्पट होऊन थांबत नाही, शंभरपटीपर्यंत जाऊ शकतो. त्यामुळे ४० टीएसएचवाल्याचा आजार ८ वाल्याच्या पाचपट, हा हिशेब चूक. टी-४ 'नॉर्मल' आणि टीएसएच ७, हा रिपोर्टही लॅबची चूक नसतो. टी-४ त्या माणसाच्या नेहमीच्या पातळीखाली थोडा घसरलेला असतो, छापील मर्यादेच्या मात्र आतच असतो. पिट्युटरीला ती घसरण आधी कळते.

दुसरा फरक वेगाचा. टी-४ चं रक्तातलं अर्धायुष्य, म्हणजे तो निम्मा व्हायला लागणारा काळ, सुमारे ७ दिवस. मंदावलेल्या थायरॉइडच्या गोळीत टी-४ च असतो; तिचा डोस बदलला की नवी पातळी स्थिरावायला पाचेक आठवडे लागतात, आणि पिट्युटरी त्याच्याही मागून जुळवून घेते. म्हणून तपासणी ६ ते ८ आठवड्यांनी. दहाव्या दिवशी टीएसएच करून "गोळी लागू पडत नाही" म्हणणं हा निव्वळ पैशाचा चुराडा. महिनाभर गोळ्या चुकवून तपासणीआधी चार-पाच दिवस नेमाने घेणाऱ्यांची लबाडीही इथेच उघडी पडते: टी-४ छान, टीएसएच चढलेला. उलट, जास्त चालणारा थायरॉइड औषधाने काबूत आला, टी-४ नॉर्मल झाला, तरी टीएसएच कित्येक आठवडे, कधी काही महिने दबलेलाच राहतो. तेवढ्यावरून औषध वाढवायचं नसतं.

फक्त टीएसएच करून निर्धास्त राहणंही धोक्याचं. पिट्युटरीच आजारी असेल तर टी-४ कमी असूनही टीएसएच कमी किंवा चक्क नॉर्मल येतो. अशा रुग्णांचा डोस फ्री टी-४ बघून ठरतो. गरोदरपणाच्या पहिल्या तिमाहीत टीएसएच एरवीपेक्षा खाली जातो, तिथे मर्यादाच वेगळ्या. केसांसाठी बायोटिनच्या मोठ्या डोसच्या गोळ्या चालू असतील तर काही यंत्रांवर टीएसएच खोटा कमी आणि टी-४ खोटा जास्त दिसतो. रक्त देण्याआधी किमान २ दिवस त्या बंद ठेवा आणि लॅबला सांगा.

टीएसएच रात्री चढतो, दुपारी उतरतो. तेव्हा दर वेळी साधारण एकाच वेळेला, शक्यतो सकाळी, रक्त द्या. उपाशी राहायची सक्ती नाही. मात्र त्या दिवशीची गोळी रक्त दिल्यावरच घ्या, नाहीतर काही तास फ्री टी-४ फुगलेला दिसतो. एरवी गोळी उपाशीपोटी, साध्या पाण्याबरोबर, चहा-नाश्त्याच्या ३० ते ६० मिनिटं आधी. कॅल्शियम आणि लोहाच्या गोळ्या तिच्यानंतर ४ तासांनी. मे महिन्यात ४५ अंशांच्या उन्हात उभ्या कारमध्ये गोळ्यांची बाटली ठेवू नका. उष्णतेने औषधाचा जोर उतरतो आणि टीएसएच का चढला ते शोधत डॉक्टर डोस वाढवत बसतात.