वॉटर पंप पक्कड : निवड, वापर आणि निगा

'पक्कड घसरते' ही पाईप आणि नट धरून फिरवायच्या या हत्याराबद्दल सगळ्यात जास्त ऐकू येणारी तक्रार. बहुतेक वेळा पोलाद चांगलं असतं. खाच चुकलेली असते, नाहीतर दांडा उलट्या बाजूला ओढला जात असतो. म्हणून या पत्रकात त्या दोन गोष्टींना जास्त जागा दिली आहे.

रचना

पकडीच्या एका भागावर ओळीने कमानदार खाचा असतात आणि दुसऱ्या भागावर त्यांत बसणारी जाड कड, म्हणजे जीभ. दांडे पूर्ण फाकवले की जीभ खाचेतून सुटते, जबडा पुढेमागे सरकतो आणि दुसऱ्या खाचेत बसतो. तोंड कितीही उघडलं तरी दोन्ही जबडे जवळपास समांतर राहतात. या रचनेचं अमेरिकी पेटंट १९३४ सालचं आहे आणि मूळ कल्पना आजही तीच आहे. काही पकडींत खाचांच्या जोडीला बटण असतं. ते दाबल्याशिवाय जबडा सरकत नाही. अशा पकडीत खाच निसटण्याचा धोका कमी, पण बटणाखालच्या स्प्रिंगमध्ये वाळू-सिमेंट गेलं की ते अडकतं.

कोणती घ्यावी

घरात एकच ठेवायची असेल तर २५० मिमी (१० इंची) घ्या. सिंकखालच्या अरुंद जागेत १५० किंवा १८० मिमीची बरी पडते, मोठ्या पाईपसाठी ३०० किंवा ४०० मिमीची. हाताचा जोर तेवढाच ठेवला तर ४०० मिमीच्या दांड्यावर २५० मिमीच्या साधारण दीडपट फिरवण्याचा जोर मिळतो. तो जोर पितळी नट चेपायलाही पुरतो, त्यामुळे मोठी पक्कड म्हणजे चांगली पक्कड असं समजू नका.

तोंड किती उघडतं ते पाईपच्या बाहेरच्या व्यासाशी ताडून बघा. अर्धा इंची जीआय (जस्ताचा मुलामा दिलेला लोखंडी) पाईप बाहेरून २१.३ मिमी भरतो, एक इंची ३३.७ मिमी आणि दोन इंची ६०.३ मिमी. नुसतं 'दोन इंच तोंड' वाचून दोन इंची पाईपसाठी पक्कड घेतली तर ती बसणार नाही.

हातात घेतल्यावर सांधा तपासा. जबडे आडवे हलवून बघा; नव्या पकडीत खुळखुळाट नको. एक भाग दुसऱ्याच्या पोटातून आरपार जातो तो सांधा दोन्ही बाजूंनी धरलेला असतो आणि बरीच वर्षं सैल होत नाही. एकावर एक नुसते ठेवलेले भाग लवकर तिरके होतात. चांगल्या पकडीचे दाते ६० एचआरसीच्या (पोलादाचा कडकपणा मोजायचं रॉकवेल माप) आसपास कडक असतात. साधी कानस त्यांवर नुसती सरकते. दात्यांवर कानस सहज चालत असेल तर ती पक्कड घेऊ नका.

पकड आणि दिशा

१. तोंड पाईपपेक्षा थोडं जास्त उघडा आणि पाईप जबड्याच्या आतपर्यंत जाऊ द्या. टोकाच्या दात्यांनी धरलेला पाईप घसरतोच.

२. अशी खाच निवडा की मूठ पूर्ण आवळल्यावरही दोन दांड्यांत निदान दोन बोटांचं अंतर राहील. दांडे एकमेकांना टेकले की पुढचा सगळा जोर दांड्यांतच जातो, पाईपपर्यंत पोहोचत नाही. दांडे फार फाकलेले असतील तर मूठ नीट बसत नाही; तोंड जास्त उघडणारी पुढची खाच घ्या.

३. जोर देण्याआधी जीभ खाचेत पूर्ण बसली आहे ना ते डोळ्यांनी बघा. अर्धवट बसलेली जीभ जोर आला की उडी मारते, बोटं चिमटतात आणि जिभेची धार गोल होते. अशी झिजलेली जीभ पुढे दर वेळी निसटते.

४. जबड्यांचं तोंड ज्या बाजूला उघडतं, दांडा त्याच बाजूला फिरवा. मग फिरवण्याचा जोरच जबडे आवळतो. उलट फिरवलं की तोच जोर ते उघडतो. हाताने कितीही दाबलं तरी दाते घसरून नटाचे कोपरे खातात. नट सैल करायचा की आवळायचा, त्याप्रमाणे पक्कड पालथी करून तोंडाची बाजू बदला.

दांडा स्वतःकडे ओढता येईल असे उभे राहा. ढकलताना पक्कड सुटली की बोटांची हाडं भिंतीवर आपटतात. भिंतीत गेलेल्या पाईपवरचा कॉक सोडवताना दुसऱ्या पकडीने कॉकचा मागचा भाग धरून ठेवा, नाहीतर आतला सांधा पिळून गळती भिंतीत सुरू होते.

प्लास्टिकचे नट हाताने आवळून वर पाव फेरा पुरे. आतला रबरी वॉशर पाणी अडवतो. जास्त आवळल्याने नटाला तडा जातो. क्रोमच्या नळाला गुळगुळीत जबड्यांची पक्कड लावा, किंवा मध्ये चामड्याचा तुकडा घाला.

षटकोनी बोल्टला मापाचा पाना असताना ही पक्कड लावू नका. दांड्यात पाईप घालून लांबी वाढवू नका, तिने ठोकू नका. दांड्यावरचं साधं प्लास्टिक विजेपासून वाचवत नाही. १००० व्होल्टची खूण आणि आयईसी ६०९०० मानक छापलेलं असेल तरच ते इन्सुलेशन समजा.

निगा

काम झालं की पुसून कोरडी करा. दात्यांत अडकलेली टेफ्लॉन टेप आणि सफेदा वायर ब्रशने काढा. चिकटून बसलं असेल तर ब्रश रॉकेलमध्ये बुडवा. भरलेले दाते धातूवर टेकतच नाहीत, तेव्हा गुळगुळीत वाटणारी पक्कड आधी साफ करून बघा. सांध्यात आणि खाचांत शिलाई मशीनच्या तेलाचा एकेक थेंब सोडा, दांडे दहा-बारा वेळा उघडमीट करा आणि जास्तीचं तेल पुसा. जबड्यांवर आणि मुठीवर तेल राहू देऊ नका.

सांध्याला रिव्हेटऐवजी बोल्ट असेल तर दांडा स्वतःच्या वजनाने हळूहळू खाली येईल इतपतच तो आवळा. गंजलेली पक्कड आगीत तापवू नका; दात्यांची कडकपणाची प्रक्रिया निघून जाते आणि ते मऊ पडतात. ग्राइंडरवर निळसर झालेल्या दात्यांचंही तेच.

जीभ गोल झाली असेल किंवा जबड्याच्या मानेवर केसाएवढीही चीर दिसत असेल, तर पक्कड वापरातून काढा. तिथे वेल्डिंग टिकत नाही.