स्मृती गेल्यावर सही कोणाची? पालकत्वाच्या कायद्याची पार्श्वभूमी

स्मृतिभ्रंश बळावला की घरात बऱ्याचदा पहिल्यांदा अडते ती सही. ब्रिटिश अमदानीत १८५८ साली 'वेड्यां'च्या मालमत्तेसाठी कायदे झाले, १९१२ साली ते एका कायद्यात आले. १९८७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने भाषा सौम्य केली, वाट मात्र शाबूत ठेवली. जिल्हा न्यायालयात अर्ज करायचा, चौकशी व्हायची आणि न्यायालय देखभालीसाठी पालक, मालमत्तेसाठी व्यवस्थापक नेमायचे.

२०१७ च्या मानसिक आरोग्यसेवा कायद्याने पालक-व्यवस्थापक नेमण्याचे हे प्रकरणच गाळले. आजारामुळे माणसाचा निर्णयाचा हक्क जाऊ नये, ही भूमिका रास्तच. उपचारांपुरती सोयही केली: पुढे कोणते उपचार हवे-नको ते आधीच, म्हणजे आगाऊ निर्देश म्हणून, लिहून ठेवता येते, प्रतिनिधी नेमता येतो. पण तो प्रतिनिधी बँकेत किंवा दुय्यम निबंधकाकडे चालत नाही.

मग उरते २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातले 'मर्यादित पालकत्व'. सगळा घोळ या शब्दात आहे. कायद्याच्या व्याख्येत तो पालक आणि दिव्यांग व्यक्ती या दोघांनी परस्पर विश्वासाने घेतलेला संयुक्त निर्णय आहे. सकाळचा होकार दुपारी आठवत नाही, आरशातला म्हातारा परका वाटतो, लेकीलाच आई म्हणून हाक मारली जाते. अशा माणसाच्या बाबतीत 'संयुक्त' म्हणजे नेमके काय, हे कायदा सांगत नाही. हक्क जपताना कुटुंबाची जवळची वाट बुजली, आणि ही चूक लहान नाही.

बहुतेक जण कुलमुखत्यारपत्रावर, म्हणजे आपल्या वतीने व्यवहार करण्याचा अधिकार दुसऱ्याला देणाऱ्या पत्रावर, विसंबतात. पण १८७२ च्या करार कायद्याच्या कलम २०१ नुसार, लिहून देणाऱ्याचे मन शाबूत राहिले नाही की मुखत्यारी संपते. पत्र नोंदणीकृत असले तरी हाच नियम, आणि त्यानंतर केलेला व्यवहार वादात सापडू शकतो. म्हणून लोक पालक म्हणून नेमणूक मागायला राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका घेऊन उच्च न्यायालयात जातात. सोबत वैद्यकीय अहवाल, मालमत्तेची यादी आणि सर्व वारसांची ना-हरकत प्रतिज्ञापत्रे लागतात. एका भावाने हरकत घेतली की गाडी अडते, कारण रिट याचिकेत वादातली वस्तुस्थिती सहसा तपासली जात नाही.

निदान लवकर झाले, समज शाबूत आहे, तोवरच हालचाल करावी. मृत्युपत्र करताना त्याच दिवशीचा डॉक्टरांचा दाखला जोडावा. खाते 'आयदर ऑर सर्व्हायव्हर', म्हणजे दोघांपैकी कोणा एकाच्या सहीने चालणारे, करून घ्यावे. नुसत्या नामनिर्देशनाने भागत नाही, त्याचा उपयोग मृत्यूनंतरच होतो. आणि मुदत ठेव मुदतीआधी मोडायची असेल तर त्या खात्यातही बँक सहसा दोघांच्या सह्या मागते, त्यामुळे ठेवी लहान आणि कमी मुदतीच्या ठेवाव्यात.