आफ्रिकान्स अभिनेत्री (१९२५–६३)

दक्षिण आफ्रिकेतील आफ्रिकान्स भाषेत व्यावसायिक नाटक उभे राहिले, तेव्हापासून सरकारी नाट्यमंडळे स्थापन होईपर्यंतच्या काळातील अभिनेत्री. दक्षिण टोकाकडील केप भागातल्या डच वसाहतीत घडलेल्या या भाषेला १९२५ मध्ये राजभाषेचा दर्जा मिळाला. त्याच सुमारास पॉल द ग्रोट या डच नटाची मंडळी गावोगाव फिरू लागली. वेना नॉडे, माटिल्डे हानेकोम या अभिनेत्री अशा फिरत्या रंगभूमीवरच नावारूपाला आल्या. माटिल्डे आणि त्यांचे पती हेंड्रिक यांनी तर अनेक वर्षे स्वतःची मंडळी चालवली.

बांधीव नाट्यगृहे मोठ्या शहरांत. ‘प्लाटेलांड’ म्हणजे अंतर्भागातील शेतकरी मुलखात प्रयोग व्हायचे ते नगरभवनात नाहीतर शाळेच्या सभागृहात. आफ्रिकान्स भाषकांच्या डच रिफॉर्म्ड चर्चमधील कर्मठांना नाटक मुळातच नापसंत असल्याने रंगमंचावर उभ्या राहणाऱ्या स्त्रीला प्रतिष्ठाही कमवावी लागे. या अभिनेत्रींचे मोठेपण इथेच आहे: ज्या भाषेत नाट्यपरंपरा जवळजवळ नव्हती, त्या भाषेला रंगमंचावरचे बोलणे त्यांनी दिले. याउलट प्रिटोरियात वाढलेल्या मार्डा व्हॅन यांनी लंडन गाठले आणि नाव कमावले ते इंग्रजी रंगभूमीवर.

१९४७ मध्ये सरकारी मदतीने नॅशनल थिएटर ऑर्गनायझेशन स्थापन झाली. इंग्रजी आणि आफ्रिकान्स अशा तिच्या दोन शाखा होत्या. दौरे थांबले नाहीत, पण आता त्यांना सरकारी आधार होता. ॲना नीथलिंग-पोल यांनी अभिनयाबरोबर दिग्दर्शन केले, नाट्यशिक्षण दिले आणि शेक्सपिअर आफ्रिकान्समध्ये आणला. एका व्यक्तीने इतक्या बाजू सांभाळणे त्या लहानशा नाट्यविश्वात गरजेचेच होते.

चित्रपट नाटकाच्या मागून आला. १९३१ चा सुरुवातीचा बोलपट ‘मुडर्की’ नाटककार ख्रोस्कॉफ यांच्या एकांकिकेवर बेतलेला होता. पुढची कित्येक वर्षे चित्रपट इतके थोडे निघत, की त्यांवर कोणा अभिनेत्रीचा संसार चालणे शक्य नव्हते. १९५० मध्ये सुरू झालेल्या स्प्रिंगबोक रेडिओच्या श्रुतिका आणि मालिकांमुळे कामाचे आणखी एक दालन उघडले. रंगमंचावर कमावलेला आवाज तिथे उपयोगी पडला. १९५६ पासून तिकीटविक्रीवर सरकारी अनुदान मिळू लागले आणि चित्र पालटले. १९५६ ते १९६२ या काळात बनलेल्या ६० चित्रपटांपैकी ४३ आफ्रिकान्स होते. त्यांत हलकेफुलके विनोदी आणि कौटुंबिक कथानक चाले. नाटकात राणी किंवा बोअर युद्धातली आई उभी करणाऱ्या नटीला पडद्यावर बहुधा शेतकऱ्याची बायको, नाहीतर नायकाची मावशी व्हावे लागे.

हे सारे नाट्यविश्व गोऱ्यांचे होते. केपमधील ज्या कृष्णवर्णीय आणि मिश्रवंशीय लोकांनी ही भाषा घडवली, घरात बोलली, त्यांना या मंडळींत जागा नव्हती. १९६३ मध्ये नॅशनल थिएटर ऑर्गनायझेशनच्या जागी चार प्रांतांची चार नाट्यमंडळे आली. कलावंतांना कायम नोकरी मिळू लागली. दोनच वर्षांनी, १९६५ मध्ये, गोरे आणि गोरेतर अशा मिश्र प्रेक्षकवर्गावर सरकारने कायद्याने बंदी घातली.