सामना सर्वांना खुला, पण दाखवायचा कोणी?

चालू असलेला ऑनलाइन सामना बघायचे दोन रस्ते आहेत. एक, कोणाचा तरी स्ट्रीम लावायचा. दुसरा, गेम उघडून ‘वॉच’मध्ये जायचं आणि प्रेक्षक म्हणून थेट त्या सामन्यात शिरायचं. पहिल्या रस्त्यावर आता इतकी गर्दी आहे की दुसरा त्याच्याहून जुना आहे, हे बऱ्याच जणांना ठाऊकही नसतं. सामना दाखवण्याच्या हक्कावरून जी भांडणं झाली, त्यांतली सर्वांत मोठी मात्र या दुसऱ्या रस्त्यानेच लावून दिली.

त्याचं कारण सामना आपल्यापर्यंत पोचतो कसा, यात आहे. स्ट्रीममध्ये तयार चित्र येतं. गेममधून बघताना चित्र येतच नाही. कोण कुठे उभा आहे, कोणाची किती ताकद उरली आहे, कोणी कोणता वार केला, एवढी माहिती सर्व्हर पाठवतो आणि चित्र आपलंच यंत्र काढतं. वर्तमानपत्रात छापलेल्या बुद्धिबळाच्या चाली वाचून घरच्या पटावर मोहरे हलवावेत, तसंच हे. म्हणून डेटा थोडा लागतो आणि कॅमेरा बघणाऱ्याच्या हातात राहतो. याचा अर्थ असाही होतो की सामना बघणारा प्रत्येक जण, मनात आणलं तर, त्याच सामन्याचं स्वतःचं प्रक्षेपण करू शकतो. स्वतःचा कॅमेरा, स्वतःचं समालोचन. संयोजकांच्या चित्रातला एक कणही न उचलता.

सुरुवातीच्या काळात असा प्रश्न पडायचं कारणच नव्हतं. 1993 च्या ‘डूम’मध्ये डेमो नोंदवता यायचे. त्या फाइलमध्ये खेळाडूने कोणत्या क्षणी काय दाबलं एवढंच असायचं आणि गेम त्यावरून सगळा खेळ पुन्हा उभा करायचा. 1996 मध्ये ‘क्वेक’ आला आणि त्याच वर्षाच्या शेवटी खास इंटरनेटवर खेळण्यासाठी ‘क्वेकवर्ल्ड’. तिथे न खेळता नुसतं बघायला सर्व्हरवर येता येऊ लागलं. अडचण अशी की प्रत्येक प्रेक्षकाचा भार त्याच सर्व्हरवर पडायचा, आणि प्रेक्षक वाढले की भोगायचे खेळाडूंनी. 2001 च्या सुमारास ‘हाफ-लाइफ’साठी निघालेल्या एचएलटीव्हीने यावर तोड काढली. सर्व्हरला एकच जोडणी करायची, तिथून माहिती घ्यायची आणि पुढे हजारोंना वाटायची. वाटणारे आणखी वाटणारे जोडत नेले की साखळी हवी तेवढी लांबते. आजच्या गेममधली प्रेक्षक-सोय मुळात याच कल्पनेवर उभी आहे.

‘स्टारक्राफ्ट’ची गोष्ट वेगळी. 1998 च्या त्या गेममध्ये प्रेक्षकाला जागाच ठेवलेली नव्हती. रिप्ले, म्हणजे झालेला सामना पुन्हा बघायची सोय, तीसुद्धा 2001 च्या पॅचमध्ये, म्हणजे गेमच्या दुरुस्त आवृत्तीत आली. तरीही दक्षिण कोरियात तोवर हे सामने टीव्हीवर दिसू लागले होते. त्यासाठी निरीक्षकाला खेळाडूच्या रिकाम्या जागेवर बसवायचं आणि त्याला सर्वांची नजर मिळेल अशी खास नकाशाची आवृत्ती वापरायची, असा खटाटोप असे. टीव्हीवर सामना दाखवण्याचे हक्क कोणाचे, हा झगडा तिथेही पुढे पेटला, पण तो वाहिन्या आणि गेमचे मालक यांच्यातला होता. घरी बसलेल्या प्रेक्षकाचा त्यात संबंध नव्हता.

‘काउंटर-स्ट्राइक’ने आणखी एक गोष्ट केली, जिची म्हणावी तशी दखल घेतली जात नाही. मेलेला खेळाडू फेरी संपेपर्यंत परत येत नाही. म्हणजे खेळणारा प्रत्येक जण दर काही मिनिटांनी सक्तीचा प्रेक्षक होतो. आपल्याहून चांगल्या खेळाडूच्या डोळ्यांनी नकाशा बघायची सवय एका अख्ख्या पिढीला लागली ती अशी. घोस्टिंगही इथलंच. मेलेल्याने शत्रू कुठे दडलाय ते बघायचं आणि जिवंत साथीदाराला कळवायचं. म्हणून मेल्यावर फक्त स्वतःच्या संघाचा कॅमेरा मिळावा, अशी सेटिंग सर्व्हर चालवणाऱ्यांच्या हाती देण्यात आली. प्रेक्षकाला जे दिसतं ते खेळाडूला दिसता कामा नये, हा या सोयीचा पहिला नियम. डिले, म्हणजे सामना मुद्दाम उशिरा दाखवणं, त्यातूनच आला. ‘लीग ऑफ लेजंड्स’मध्ये 2012 साली प्रेक्षक-सोय आली तेव्हा ती 3 मिनिटं मागे चालायची, ‘डोटा 2’मध्ये साधारण 2 मिनिटं. तोवर माहिती शिळी होते आणि तिचा कोणाला फायदा उरत नाही.

खरा बदल ‘डोटा 2’ने घडवला. 2011 च्या ऑगस्टमध्ये जर्मनीतल्या कोलोनला त्याची पहिली मोठी स्पर्धा झाली, तेव्हा गेम सर्वांसाठी खुलासुद्धा झालेला नव्हता. 16 संघ आणि एकूण 16 लाख डॉलरची बक्षिसं, त्यातले 10 लाख एकट्या विजेत्याला. लोकांच्या लक्षात राहिले ते आकडे. माझ्या मते त्याहून दूरगामी गोष्ट होती ती गेममध्येच बांधलेली प्रेक्षक-सोय, डोटाटीव्ही. कोणत्याही हिरोच्या, म्हणजे खेळाडू चालवतो त्या पात्राच्या, नजरेतून बघा, नकाशाभर मोकळे फिरा, नाहीतर समालोचक निवडून त्याच्या आवाजाबरोबर त्याचाच कॅमेरा घ्या. 2016 मध्ये तर व्हीआर हेडसेट चढवून नकाशाच्या शेजारी उभं राहून सामना बघायची सोय आली. ती फारशी रुजली नाही, पण बघणं हाही खेळाचाच भाग आहे असं मानणारे लोक हा गेम बनवत होते, एवढं त्यातून कळतं.

पैशाचं गणितही इथे वेगळं होतं. स्पर्धांची तिकिटं गेममध्येच विकली जात आणि त्यातला वाटा संयोजकांना मिळे. 2013 मध्ये त्या वार्षिक स्पर्धेसाठी 10 डॉलरचं कम्पेंडियम, म्हणजे स्पर्धेची डिजिटल पुस्तिका, विकायला आलं आणि त्यातला चौथा हिस्सा बक्षिसांत जाऊ लागला. मूळचे 16 लाख डॉलर वाढून 28 लाखांच्या वर गेले. पुढच्याच वर्षी रक्कम 1 कोटी 9 लाख डॉलरवर पोचली, आणि त्यातला बहुतेक पैसा प्रेक्षकांच्या खिशातला होता. पुढच्या वादात प्रेक्षक इतक्या तावातावाने का बोलले, ते या आकड्यांवरून उमगतं. आपण ज्याला पैसे पुरवतो तो सामना कुठे आणि कोणाबरोबर बघायचा, हे दुसऱ्याने ठरवावं, हे त्यांना पटणं शक्यच नव्हतं.

वादाची पहिली ठिणगी मात्र दुसऱ्या गेममध्ये पडली. 2015 च्या फेब्रुवारीत ‘लीग ऑफ लेजंड्स’च्या एका चाहत्याने चॅनेल सुरू केलं. दक्षिण कोरियातला त्या काळचा सर्वांत नावाजलेला खेळाडू सामन्यात उतरला की गेममधल्या प्रेक्षक-सोयीतून त्याचा सामना त्या चॅनेलवर आपोआप दिसू लागे. त्या खेळाडूचा एका वेगळ्या स्ट्रीमिंग संकेतस्थळाशी करार होता. त्या संकेतस्थळाने कॉपीराइटची नोटीस धाडली. आता गंमत बघा. त्या चित्रावर त्या संकेतस्थळाचा हक्क होता कुठे? खेळाडूच्या स्वतःच्या स्ट्रीममधलं काहीच घेतलेलं नव्हतं. सामना सर्वांना बघायला खुला होता आणि चित्रांचा मालक होता गेम बनवणारा. त्या मालकाने काही दिवस चाचपडत वेगवेगळी कारणं दिली आणि शेवटी खेळाडूच्या बाजूने उतरून चॅनेल बंद पाडायचं ठरवलं.

खेळाडूची बाजू पोकळ होती असं मी म्हणणार नाही. सरावाचा प्रत्येक सामना, आपल्याला न विचारता, दिवसरात्र कोणीतरी जगाला दाखवत राहणं हा जाच आहे. पण निर्णय एका प्रकरणापुरता झाला आणि नियम झालाच नाही. खुला सामना दाखवायचा हक्क कोणाला, हे तसंच लोंबकळत राहिलं.

त्याचं उत्तर द्यायचा पहिला गंभीर प्रयत्न ‘डोटा 2’च्या निर्मात्यांनी 2017 च्या उत्तरार्धात केला. त्यांनी जाहीर केलं की डोटाटीव्हीवरून सामना घेऊन आपल्या प्रेक्षकांना दाखवायला कोणालाही मुभा असावी. सोबत अटी होत्या. व्यावसायिक पद्धतीने दाखवायचं नाही, संयोजकांच्या स्ट्रीमशी थेट स्पर्धा होईल असं काही करायचं नाही, पडद्यावर जाहिराती किंवा प्रायोजक आणायचे नाहीत, अधिकृत प्रक्षेपणाचा आवाज, कॅमेरा वा पट्ट्या उचलायच्या नाहीत. एका स्टुडिओने दुसऱ्याची स्पर्धा दाखवण्यासाठी ही परवानगी नाही, हेही सांगितलं होतं. बाकी सगळ्यांनी सामंजस्याने घ्यावं.

वाचायला हे सरळ वाटतं, पण गाठ ‘व्यावसायिक’पाशी बसली. आपल्या खोलीत बसून सामन्यावर बोलणारा स्ट्रीमर जाहिरात लावत नसेलही, पण त्याच्या चॅनेलला सभासद पैसे देतात, बघणारे देणग्या पाठवतात, संकेतस्थळ मधूनमधून स्वतःच्या जाहिराती चालवतं. हा व्यवसाय झाला की नाही? थेट स्पर्धेचंही तेच. पन्नास जण बघत असतील तर कोणाचं काही अडत नाही. तोच माणूस पूर्वीचा नावाजलेला खेळाडू असला आणि हजारो लोक अधिकृत स्ट्रीम सोडून त्याच्याकडे आले, तर? नियमाचं अक्षर दोघांना सारखंच लागू होतं. आणि सर्वांत मोठी उणीव ही की अट मोडली हे ठरवायचं कोणी, ते या घोषणेत स्पष्ट नव्हतं.

ती उणीव 2018 च्या जानेवारीत उघडी पडली. मलेशियातल्या गेंटिंगच्या ‘डोटा 2’ स्पर्धेच्या संयोजकांनी प्रक्षेपणाचे हक्क एका बड्या समाजमाध्यमाला दिले होते. नेहमीचं संकेतस्थळ सोडून तिकडे जाणं प्रेक्षकांना रुचलं नाही. चित्राच्या दर्जाबद्दल तक्रारी झाल्या आणि बरेच जण आपापल्या आवडत्या स्ट्रीमरकडे वळले. ते स्ट्रीमर डोटाटीव्हीवरूनच सामना दाखवत होते. मग त्यांच्यावर कॉपीराइटच्या नोटिसा आल्या आणि चालू चॅनेलं बंद पडली.

संयोजकांचं म्हणणं असं की सभागृह, संघांचा प्रवास, तंत्रज्ञ, समालोचक, हा सगळा खर्च त्यांनी करायचा आणि तो भरून काढायला विकता येण्यासारखी एकच गोष्ट त्यांच्याकडे असते, ती म्हणजे प्रक्षेपणाचे हक्क. तेच कोणीही फुकट वापरणार असेल तर विकत कोण घेणार? हा मुद्दा खरा आहे. पण त्यांनी विकलं होतं ते स्वतःचं प्रक्षेपण. सामन्याची माहिती त्यांची नव्हती. ती गेमच्या सर्व्हरवरून निघत होती, आणि ती बघायला नि दाखवायला गेमच्या मालकाने आधीच मोकळीक दिलेली होती. जे आपलं नाही त्यावर नोटीस धाडणं ही 2015 च्या प्रकरणाचीच पुनरावृत्ती होती. यावेळी निर्माते मात्र दुसऱ्या बाजूला उभे राहिले. डोटाटीव्हीवरून घेतलेल्या सामन्यांबद्दल अशी नोटीस काढायचा अधिकार फक्त आमचा, असं त्यांनी ठणकावलं.

‘व्यावसायिक’ म्हणजे काय, हे त्यानेही ठरलं नाही. निवाडा कोणाकडे, एवढं ठरलं. दोन वर्षं तशीच कुरबुर चालली. कुठला संयोजक काणाडोळा करी, कुठला स्ट्रीमरांसाठी स्वतःचे नियम काढी. 2020 च्या जानेवारीत पुन्हा तंटा झाला तेव्हा निर्मात्यांनी संयोजकांना दिल्या जाणाऱ्या स्पर्धेच्या परवान्यातच अट घातली. स्ट्रीमरना सामना दाखवू द्यायचाच. बदल्यात संयोजकांनी वाजवी, सोप्या आणि पैशाशिवायच्या अटी घालाव्यात, उदाहरणार्थ प्रायोजकांचे लोगो पडद्यावर ठेवणं किंवा स्ट्रीम ठरावीक वेळ मागे चालवणं. लोगो दिसल्याने संयोजकांच्या प्रायोजकांचं नुकसान टळतं आणि स्ट्रीमरला दारात उभं राहून परवानगी मागावी लागत नाही. हे 2017 लाच सुचायला हवं होतं.

त्याच वर्षी ‘काउंटर-स्ट्राइक’मध्ये प्रेक्षकाच्या नजरेचा जुना प्रश्न सर्वांत वाईट रूपात वर आला. सामन्यात प्रशिक्षक प्रेक्षकाच्या जागी बसतो. एका बगमुळे, म्हणजे गेममधल्या चुकीमुळे, त्याचा कॅमेरा नकाशावरच्या एखाद्या जागी अडकून राहायचा आणि विरुद्ध संघ तिथून जाताना त्याला दिसायचा. सप्टेंबरमध्ये एकदम 37 प्रशिक्षकांवर बंदी आली. प्रेक्षकांसाठी डिले होता, प्रशिक्षकाला सगळं त्याच क्षणी दिसत होतं. एवढी वर्षं राखण केली ती बाहेरच्या दाराची.

नंतर आलेल्या बऱ्याच गेमनी सार्वजनिक प्रेक्षक-सोय दिलीच नाही. 2017 नंतर फोफावलेल्या बॅटल रॉयलमध्ये, म्हणजे शेवटी उरेल तो जिंकतो अशा गेममध्ये, एका नकाशावर शंभराच्या आसपास खेळाडू असतात. तिथे कुठे बघायचं हे ठरवायलाच निरीक्षकांचा ताफा लागतो, एकट्या प्रेक्षकाच्या हाती कॅमेरा देऊन फारसं साधत नाही. इतरांनी को-स्ट्रीमिंगचा मार्ग घेतला. संयोजक ठरावीक स्ट्रीमरना परवानगी देतात आणि ते अधिकृत चित्रावर स्वतःचं बोलणं चढवतात. वरवर ते डोटाटीव्हीसारखंच दिसतं, पण कॅमेरा संयोजकांचा, चित्र संयोजकांचं आणि यादीतून नाव काढायची मुभाही त्यांचीच. अधिकृत कॅमेरा मोठ्या लढाईवर खिळलेला असताना नकाशाच्या दुसऱ्या टोकाला एकटा खेळाडू काय करतोय, हे को-स्ट्रीमर दाखवू शकत नाही. डोटाटीव्हीवरचा दाखवू शकतो.