बायोसची फाइल नसेल, तर एम्युलेटर चालतच नाही?

गेम बॉय अ‍ॅडव्हान्सचा एम्युलेटर (म्हणजे त्या कन्सोलची नक्कल करून त्याचे गेम चालवणारा प्रोग्रॅम) संगणकावर बसवायचा, तर आधी बायोसची, म्हणजे कन्सोलमध्येच कायम साठवलेल्या मूळ प्रोग्रॅमची, फाइल मिळवावीच लागते, असा समज वर्षानुवर्षे फिरत आहे. तो बरोबर नाही. २००१ साली आलेल्या या कन्सोलमध्ये १६ किलोबाइटचा बायोस असतो आणि भागाकार, वर्गमूळ, कॉम्प्रेस केलेली चित्रे उलगडणे अशी कामे गेम त्याच्याकडून करून घेतात. एमजीबीएसारख्या एम्युलेटरमध्ये हीच कामे करणारा पर्यायी कोड आधीपासूनच असल्यामुळे फाइल न देताही बहुतेक गेम सुरळीत चालतात. सुरुवातीचे बोधचिन्ह आणि त्याचा तो ओळखीचा नाद तेवढा मिळत नाही. (त्या नादासाठीच कुणी खटपट करत असेल, तर तेही समजण्यासारखे आहे.)

ज्या अडचणींचे खापर बायोसवर फुटते, त्यांचे मूळ बहुधा दुसरीकडेच असते. ‘पोकेमॉन फायररेड’ सुरू करताच ‘१एम सब-सर्किट बोर्ड’ बसवलेला नाही, असा संदेश दिसला, तर एम्युलेटरने कार्ट्रिजमधील (गेमच्या कॅसेटमधील) सेव्हच्या, म्हणजे खेळाची प्रगती साठवण्याच्या, जागेचा आकार चुकीचा धरलेला असतो. सेटिंगमध्ये सेव्हचा प्रकार फ्लॅश (एक प्रकारची मेमरी) आणि आकार १२८ किलोबाइट निवडून गेम पुन्हा सुरू केला, की तो संदेश जातो.